इथं कोण आलेलं नाही?

शोकसभेची सगळी कामं माझ्याकडे होती. हॉल, माइक, खुर्च्या, पाण्याचे जार, हार, बोलणाऱ्यांचा क्रम. सगळं वेळेवर झालं. अडचण आली ती फक्त फोटोची, कारण डॉ. कुसुम शेवाळे यांचा स्थिर असा एकही फोटो मिळेना. प्रत्येक फोटोत तोंड उघडं आणि हात हवेत. शेवटी नोकरीतल्या ओळखपत्रावरचा फोटो मोठा करून घेतला. त्यात त्या कोणाचं तरी लांबलेलं वाक्य संपायची वाट बघत असल्यासारख्या दिसतात. फ्रेमवाल्याने विचारलं, "मॅडम रागीट होत्या का?" मी म्हटलं, "नाही, घाईत असायच्या."

बोलणारे चांगलं बोलले. कोणी त्यांना दीपस्तंभ म्हटलं, कोणी वटवृक्ष. दोन-तीन बायका रडल्या. मी घड्याळ बघत होते, कारण त्याच हॉलमध्ये नंतर साखरपुडा होता. सभा संपली, फ्रेम मॅडमच्या भावाच्या गाडीत ठेवली, घरी आले, कुकर लावला. मला अजून काही वाटलेलं नाही. वाटेल तेव्हा वाटेल. तोवर आठवतं ते लिहून काढते, कारण सभेत सांगितलं गेलं ते सगळं खरं असलं तरी त्यात मॅडम कुठे दिसल्या नाहीत. आणि एक गोष्ट तर कोणीच काढली नाही. ती एका बाईच्या जिवाची आहे. मॅडमनी लोकांना जे नीट समजावून सांगितलं, त्यातच राहून गेलेल्या एका फटीतून ती बाई हातची जाणार होती. तिथे येतेच.

मॅडम संसर्गजन्य रोगांच्या डॉक्टर. जन्म कळवणचा, नोकरी सरकारी, निवृत्ती नाशकात. निवृत्तीनंतर लोक बाग लावतात किंवा मुलांकडे अमेरिकेला जातात. मॅडमनी लग्न केलं नव्हतं आणि त्यांच्या बाल्कनीत कोरफडीशिवाय काही जगत नव्हतं. त्यांनी लोकांशी बोलायचं काम घेतलं. ताप, जुलाब, कावीळ, डास, कुत्री, लसी. बचतगट, शाळा, सोसायट्या, मंगल कार्यालयं, रेडिओ. मी एका छोट्या संस्थेत कार्यक्रमांची व्यवस्था बघते, तर त्यांचीही व्यवस्था माझ्याकडे आली. त्यांच्या पिशवीत कायम भाजलेले शेंगदाणे, खडू आणि एका डबीत साबणाची वडी असे. सुती साडी आणि खाली पांढरे खेळाचे बूट. सत्कार झाला की नारळ ठेवून घेत आणि शाल परत करत. "नारळाची चटणी होते," म्हणत. "शालीचं काय करू?"

त्यांच्या बोलण्यात एक वाक्य कधीच नसे: घाबरू नका. मी एकदा कार्यक्रमाच्या पत्रकात ते टाकलं होतं, त्यांनी पेनाने खोडलं. "घाबरू नका म्हटलं की माणूस आधी दार कुठे आहे ते बघतो. त्याला काय करायचं ते सांग. हाताला काम लागलं की भीती आपोआप बसते."

दुसरं म्हणजे त्या आधी बोलतच नसत. फळ्यापाशी जाऊन विचारत, "तुम्हाला काय काय माहीत आहे ते सांगा." लोक सांगत, त्या लिहून घेत. चूक, बरोबर काही न म्हणता. कापूर-लवंगेची पुरचुंडी, गोमूत्र, दारूने घसा धुणं, सगळं फळ्यावर. मग एकेकापाशी थांबत. करोनाच्या लसी नुकत्याच आल्या होत्या, तेव्हा एका सोसायटीत एक निवृत्त मुख्याध्यापक उठले.

"मॅडम, पाल्हाळ नको. एका वाक्यात सांगा. लस घ्यावी की घेऊ नये?"

"सर, एका वाक्यात फक्त लग्नाला हो म्हणता येतं. आणि तेही नंतर निभवावं लागतं. बसा, तुम्हाला पाच मिनिटांत सांगते."

लोक हसले. सर बसले. मॅडमनी लसीबद्दल काय माहीत आहे ते सांगितलं, मग काय माहीत नाही ते सांगितलं. मागून एका तरुणाने विचारलं, "किती वर्षं टिकेल तिचा परिणाम?" मॅडम म्हणाल्या, "माले माहीत नही." त्या भर सभेत अहिराणीत हे वाक्य टाकत. त्यांचं म्हणणं, मराठीत "माहीत नाही" म्हटलं की लोकांना वाटतं डॉक्टर टाळतायत, आणि अहिराणीत म्हटलं की वाटतं खरंच माहीत नाही. ते सर नंतर माझ्याकडे तक्रार घेऊन आले, की तज्ज्ञाने असं बोलणं बरं दिसत नाही. लस मात्र त्यांनी त्याच आठवड्यात घेतली.

ज्यांना त्यांचं पटत नसे अशांत त्यांचे थोरले भाऊ पहिले. भाऊ कळवणला कांदा आणि डाळिंब करतात. सकाळी उठल्यावर घरच्या ग्रुपवर काहीतरी औषधी पाठवायचं हे त्यांचं व्रत. मॅडम तिथेच खाली लिहीत, हे चूक आहे, कारण अमुक. एकदा भाऊ नाशकात आले होते, मी घरी पोहे खात बसले होते, तेव्हा त्यांनी माझ्यासमोरच झापलं.

"तू डॉक्टर दवाखानामा. घरमा तू धाकलीच शे. सगळ्यांसमोर माले खोटं पाडस!"

"धाकली शे ना. पन तू खोटं पाठवस, तर मी कशी गप बसू?"

भाऊ चिडून बाल्कनीत गेले. जरा वेळाने आत येऊन म्हणाले, "मंग पाठवण्याआधी तुले दाखवत जाऊ का?" त्यानंतर रोज पहाटे मॅडमच्या फोनवर भावाचा एक मेसेज येई, तपासायला. त्या चहा घेता घेता तपासत. "माझा सगळ्यात जुना विद्यार्थी," असं म्हणत. सभेत भाऊ बोलले नाहीत. नुसते फ्रेम धरून बसले होते.

छापील काहीही बाहेर जाण्याआधी ते पंचवटीच्या भाजीबाजारात जायचं, हा मॅडमचा नियम. तिथे मथुराबाई म्हणून मेथी-कोथिंबीर विकणाऱ्या एक बाई होत्या. त्यांना कागद दाखवायचा, वाचून दाखवायचा, आणि मग म्हणायचं, "आता तुम्ही मला सांगा, काय कळलं." हात धुण्याचं पोस्टर झालं तेव्हा आम्ही देखणं काम करून घेतलं होतं. पैठणी नेसलेली, नथ घातलेली बाई, नळ, पाण्याची धार. गठ्ठे छापूनही आले होते. मथुराबाईंनी हात पुसून पोस्टर लांब धरलं.

"बाई छान हाय. साडी येवल्याची हे का?"

"असेल. काय करतेय ती?"

"कोन जाने. नळ खराब झाला असंल, बघून राहिली."

"नळ कशाला खराब होईल?"

"मंग पैठणी नेसून कोन धुनं-भांडी करतं वो मॅडम? कार्यक्रमाला निघाली आन् नळ गळाया लागला. आमच्याकडं बी असंच होतं."

मॅडम तिथेच भाजीच्या पोत्यावर बसून हसल्या. मी हसले नाही, गठ्ठे माझ्या ऑफिसात पडले होते. दुसरं पोस्टर आलं त्यात साध्या साडीतली बाई पोराचा हात धरून साबण लावतेय. मथुराबाई म्हणाल्या, "पोरगं रडून राहिलं," आणि मॅडम म्हणाल्या, "चालेल, हे छापा."

आता म्हशीचं सांगते.

दिंडोरीच्या पुढे एक गाव आहे, नाव लिहीत नाही. सगळीकडे द्राक्षबागा. ऑक्टोबरची छाटणी चालू होती. तिथल्या भास्करराव नावाच्या बागायतदारांची एक म्हैस आजारी पडली, लाळ गाळायला लागली, दावं तोडून भिंतीला धडका मारायला लागली आणि मेली. जनावरांच्या डॉक्टरांनी सांगितलं, पिसाळली होती. पिसाळलेलं कुत्रं कधी चावून गेलं ते कोणाला कळलंच नव्हतं. अडचण अशी, की म्हैस आजारी पडायच्या सुमाराला भास्कररावांकडे सत्यनारायण झाला होता आणि पंचामृताला दूध-दही त्याच म्हशीचं होतं. पंचामृत म्हणजे कच्चं दूध. अर्ध्या गावाने तीर्थ म्हणून ते घेतलेलं. बातमी पसरली आणि सगळं गाव लेकराबाळांसह लस घ्यायला आरोग्य केंद्रावर जाऊन उभं राहिलं. सायंकाळपर्यंत केंद्रातली लस संपली, ढकलाढकल झाली, एका नर्सची बांगडी फुटून हात कापला.

केंद्रावरच्या डॉक्टरांनी मॅडमना फोन केला. मॅडमनी माझ्यासमोर ऑडिओ केला. त्यांचे ऑडिओ नेहमी एकाच पद्धतीने सुरू होत: नमस्कार, मी डॉक्टर कुसुम शेवाळे, हे मी आजच्या माहितीवर सांगतेय. मग त्यांनी सांगितलं, की असं दूध पिऊन माणसाला रेबीज झाल्याचं आजवर कुठे सिद्ध झालेलं नाही. उकळलेल्या दुधाला तर प्रश्नच नाही. तीर्थ घेतलं म्हणून कोणी रांगेत उभं राहू नये. लस चावलेल्यांसाठी आणि जनावराची लाळ जखमेला लागलेल्यांसाठी राहू द्या. शेवटी आभार.

ऑडिओ गावात फिरला आणि दुसऱ्या दिवशी रांग उरली नाही. केंद्रावरून फोन आला, "मॅडम, जादू झाली." तालुक्याच्या कार्यालयातूनही कोणीतरी आभार मानले. माझ्या मते काम संपलं होतं. मॅडम म्हणाल्या, "त्या घरी जाऊन येऊ."

"कशाला?"

"रांगेत सगळी पंचामृतवाली माणसं होती. म्हैस कोणी सांभाळली ते मला अजून कळलेलं नाही."

भास्कररावांच्या ओट्यावर चहा आला. गोठा चुन्याने पांढरा करून ठेवला होता. मॅडमनी चहा बाजूला ठेवला.

"शेवटी शेवटी तिचं चारापाणी कोण बघायचं?"

"आमचं आमीच," भास्करराव म्हणाले.

"तिच्या तोंडात कोणी हात घातला होता?"

भास्कररावांनी बायकोकडे बघितलं. त्या पदर सावरत म्हणाल्या, "लाळ गळायची, घास जाईना. आमाला वाटलं, घशात काही अडकलं. कणीस, नायतर पिशवी. तर मंजुळानं हात घातला ना. पार कोपरापर्यंत. काहीच नव्हतं आत."

"मंजुळा कोण?"

"छाटणीला यायची. सुरगाण्याकडची. नवरा-बायको मळ्यातच राहायची."

"तिनं लस घेतली?"

"तिला कशाला?" बाई म्हणाल्या. "तिनं तीर्थ घेतलंच नाय. तिला अडचण आली होती ना तवा, पूजेला ती नव्हतीच. गोठ्यात बसून होती, जनावरापाशी."

भास्करराव आम्हाला धीर दिल्यासारखे म्हणाले, "ती एकटीच सुटली बघा मॅडम या सगळ्यातून."

छाटणी करणाऱ्या बायकांची बोटं कात्रीने कायम कापलेली असतात. मॅडमनी विचारलं नाही, मीही विचारलं नाही. ओट्याच्या कडेला दोन बायका काड्यांचे भारे बांधत होत्या, त्यांचे हात आम्हाला दिसत होते.

"आता कुठे आहे ती?"

"गेली गावाला, भात कापाया. राहणार होती अजून. पन तुमचं ते मोबाईलवरचं ऐकलं आन् म्हनाली, दूध पिनाऱ्यालाच काय नाय तर मला काय होतंय? मी तर दूध बी नाय घेतलं."

गाडीत बसल्यावर मॅडमनी तो ऑडिओ पुन्हा लावून शेवटपर्यंत ऐकला. मग म्हणाल्या, "लाळेचं मी शेवटी बोलले. आभाराच्या आधी."

मी म्हटलं, "पण बोललात."

"शेवटचं कोणी ऐकत नाही, शुभांगी. ज्यांना धोका नाही त्यांनाच आधी सांगत बसले, तुम्हाला धोका नाही. ते टाळ्या वाजवून घरी गेले. आणि तीही गेली."

त्या संध्याकाळी त्यांनी दुसरा ऑडिओ केला. सुरुवातीलाच म्हणाल्या, "मी मागे जे सांगितलं ते अर्धवट होतं." मग म्हशीच्या तोंडाला, लाळेला ज्यांचा ज्यांचा हात लागला त्यांनी आजच केंद्रावर यावं, असं तीन वेळा. प्रतिक्रिया लगेच आल्या. 'या मॅडमचं रोज नवीन.' 'कालची बाई आज फिरली.' 'आधी ठरवा, मग सांगा.' मी मॅडमना ते वाचून दाखवलं. त्या म्हणाल्या, "फिरले तर खरी. उद्या गरज पडली तर परत फिरेन. तू लस कुठे मिळते ते बघ."

तालुक्यात लस उरली नव्हती. मी नाशकातून फोन लावले. लस, जखमेत टोचायचं औषध, बर्फाची पेटी, सुरगाण्याकडच्या उपकेंद्रावरच्या नर्सचा नंबर, भास्कररावांच्या मुकादमाकडून पाड्याचं नाव. सकाळी निघालो. घाटात मॅडमना उलटी झाली, आम्ही थांबलो, त्यांनी तोंड धुतलं, पुन्हा निघालो.

मंजुळा भोये शेतात होती. सडपातळ, हसरी बाई, असेल तिशीची. भात पिवळंधमक झालं होतं आणि आकाश भरून आलेलं. सासू बांधावर पेंढ्या रचत होती. मॅडमनी बांधावरच बसून सगळं सांगितलं. हात घातलास, बोटं कापलेली, म्हैस पिसाळलेली. मंजुळाने हात पुढे केला. बोटांवर वाळलेल्या चिरा होत्या.

"माला काय नाय झाला बाई. बघा."

"आज काही दिसणार नाही. हा रोग आधी दिसत नाही. दिसला की मग कोणीच काही करू शकत नाही. माणूस जातो. त्याच्या आधीच सुई घ्यावी लागते."

सासूने विळा खाली ठेवला. "तिला होईल का, नाय होईल? तां सांगा."

"ते मला माहीत नाही."

"तुमी डॉक्टर ना?"

"हो. पण तरी माहीत नाही. लाळ आत गेली असेल, नसेलही."

मी पेटी धरून उभी होते. मनात म्हणत होते, मॅडम, होईलच म्हणा. एवढं एक खोटं बोला आणि विषय संपवा. मॅडमनी ते म्हटलं नाही. मंजुळा म्हणाली, "भात पडलाय बाई. पाऊस आला त् सगळा जाईल. भात झाला का मग येते." आणि वाकून कापायला लागली. नवऱ्याने आमच्याकडे बघितलं आणि तोही वाकला. बोलणं संपलं होतं.

मॅडम उठल्या नाहीत. तशाच बसून राहिल्या. जरा वेळाने मंजुळानेच मान वर न करता विचारलं, "तुमी घेतली का कदी ही सुई?"

"घेतली. लहानपणी. कळवणला कुत्रं चावलं होतं. तेव्हा पोटात द्यायचे. बेंबीभोवती, रोज एक."

मंजुळा उभी राहिली. "पोटात?"

"पोटात. आई हात धरायची, भाऊ पाय धरायचा. मी भावाच्या तोंडावर लाथ मारली, त्याचा दात पडला."

सासू तोंडाला पदर लावून हसायला लागली. मंजुळाही हसली. "आन् आता कुठं देतात?"

"दंडात. आणि थोडं औषध बोटात, त्या चिरांपाशी. ते दुखेल. खूप दुखेल."

"लाथ मारू का मग?"

"मार. शुभांगीला मार, ती तरुण आहे."

मंजुळाने विळा सासूच्या हातात दिला आणि ओढ्यावर हात धुवायला गेली. मॅडमनी तिच्या हातात साबणाची वडी दिली. उपकेंद्रावर तिने लाथ मारली नाही, नर्सचं मनगट मात्र लाल केलं. त्या रात्री पाऊस पडला. तिचं भात किती गेलं ते मी विचारलं नाही.

पुढच्या सुया वेळेवर झाल्या. त्यासाठी किती फोन केले ते सांगत नाही, ती माझी नोकरीच आहे. मंजुळा कामाला जिथे जाई तिथल्या केंद्रावर मी कळवून ठेवी. शेवटची सुई झाल्यावर मी मॅडमना म्हटलं, "सुटली."

"बहुतेक."

"बहुतेक म्हणजे?"

"उशिरा सुरुवात झाली. बहुतेकांचं काही महिन्यांत कळतं. कधीकधी वर्ष लागतं. त्याहूनही जास्त."

"मग काय करायचं?"

"काही नाही. बघत राहायचं."

त्यानंतर मॅडमचं बोलणं बदललं. फळ्यापाशी गेल्यावर त्यांचा पहिला प्रश्न वेगळा असे: "इथं कोण आलेलं नाही?" लोक गोंधळत. कोणी शेजारणीचं नाव सांगे, कोणी वॉचमनचं, कोणी घरात झोपून असलेल्या सासऱ्यांचं. मॅडम ती नावं लिहीत आणि म्हणत, "आज जे सांगते ते यांच्यासाठी आहे. तुम्ही निरोपे." एका महिला मंडळाच्या अध्यक्षा रागावल्या, म्हणाल्या आम्ही एवढ्या बायका जमवल्या आणि तुम्ही न आलेल्यांचं काय घेऊन बसलात. मॅडमनी त्यांचीच कामवाली फळ्यावर लिहिली. असं का विचारता, ते त्या कोणाला सांगत नसत. मंजुळाचं नाव त्यांनी कुठल्याच व्याख्यानात घेतलं नाही. लोकांना गोष्टी आवडतात, सांगा ना, असं मी सुचवलं, तर म्हणाल्या, "ती माझी गोष्ट सांगत फिरते का?"

छाटणीचे दिवस आले की मात्र त्या मला म्हणत, "दिंडोरीकडे काही काम आहे का तुझं?" काम नसे. मी काढत असे. भास्कररावांच्या बागेपाशी गाडी थांबवायची. मॅडम खाली उतरून बांधावर उभ्या राहत. द्राक्षांच्या मांडवाखाली वाकलेल्या बायकांत मंजुळा दिसली की परत येऊन बसत आणि दार लावून घेत. "दिसली. चल." एवढंच. पहिल्या वर्षी हाक मारली नाही, दुसऱ्या वर्षीही नाही. मी कधी विचारलं नाही, पण मला वाटतं त्यांना तिला भीती घालायची नव्हती. माणसाला कोणी दर वर्षी जिवंत आहे का बघायला येतंय, हे कळणं काही बरं नाही.

मंजुळाला ते केव्हाच कळलं होतं, हे गेल्या ऑक्टोबरात समजलं.

मॅडमचं दुखणं उन्हाळ्यात निघालं होतं. निदान, रिपोर्ट, मुंबईची फेरी, सगळं त्यांनी मला एखाद्या कार्यक्रमाची तारीख कळवावी तसं कळवलं आणि मी तसंच ऐकलं. व्याख्यानं कमी केली. साडी अंगावर दुहेरी होत होती. तरी त्या म्हणाल्या, "दिंडोरी." गेलो. उन्ह चढलेलं. गाडीची काच खाली होती, बांध जवळच होता. मॅडम उतरून उभ्या राहिल्या, यावेळी गाडीच्या दाराला धरून. मांडवाखालून मंजुळाच बाहेर आली. हातात कात्री, डोक्याला रुमाल.

"आल्या का बाई? मी मेले का बघाय?"

"हो," मॅडम म्हणाल्या.

"नाय मेले."

"दिसतंय."

आतून बायका हसल्या. एक जण ओरडली, "बाई, तिचा नवरा वाट बघून दमला!" मंजुळाने मागे वळून तिला कात्री दाखवली आणि पुन्हा मॅडमकडे बघितलं. बघत राहिली.

"तुमीच लय वाळल्या. कोनाला दाखवला का?"

"दाखवलं."

"मंग? काय बोल्ला?"

"पोटात गाठ आहे. काढता येत नाही."

"सुई नाय त्याला?"

"आहेत. घेतेय. थोडे दिवस मिळतात."

"बऱ्या होनार ना?"

"नाही."

आतल्या कात्र्यांचा आवाज थांबला. मंजुळाने मान हलवली, जशी आपण एखादा पत्ता नीट कळला की हलवतो. मग कात्री बांधावर ठेवली, ओढणीला हात पुसले आणि म्हणाली, "बसा. जेवायची येळ झाली."

जेवायची वेळ झाली नव्हती. तरी बायका बाहेर आल्या, कोणी पाणी आणलं, कोणी रिकामा क्रेट पालथा घातला, मॅडम त्यावर बसल्या. मंजुळा त्यांच्याशेजारी जमिनीवर. तिने फडकं सोडलं, नागलीची, म्हणजे नाचणीची भाकरी होती आणि वर मिरचीचा ठेचा. मॅडमना त्या दिवसांत पेजेशिवाय काही चालत नव्हतं. मी ते सांगायला दार उघडलं आणि मग पुन्हा लावलं. दुपारी एका शाळेत कार्यक्रम होता. मी तिथल्या बाईंना फोन करून सांगितलं की आज जमणार नाही. फोन ठेवून बघितलं, तर दोघी पाठमोऱ्या. मंजुळा भाकरीचा ठेचा नसलेला भाग मोडून, कुस्करून, मॅडमच्या तळहातावर ठेवत होती. मॅडम खात होत्या. सावकाश, एकेक घास.

उन्ह थेट गाडीवर आलं होतं. मी गाडी मागे घेऊन सावलीत लावली.